केळ्याच्या वासाची टेस्ट

शुक्रवार, ३ फेब्रुवारी १९९५. दुपारी २.१०.

तेलाच्या रिगवरच्या स्टोअरमध्ये खोक्यावर बसून मास्कच्या काचा पुसत होतो, तेव्हाच ठरवलं — हे लिहून ठेवायचं. कुणाला सांगता येण्यासारखं नाही.

आज गॅसच्या मास्कची टेस्ट होती. इथे समुद्रात आम्ही एकेचाळीस जण. प्रत्येकाने मास्क घालायचा आणि मी त्याच्या हनुवटीखाली केळ्याच्या वासाची कुपी फिरवायची. आत वास आला म्हणजे मास्क गळतो — नापास! नापास माणूस पुढच्या बोटीने किनाऱ्यावर मनामाला परत, नोकरी खलास. रजिस्टरमध्ये पासची खूण मी करतो, खाली सही सेफ्टीसाहेबाची. रेस्पिरेटरचं स्पेलिंग मी अजून खोक्यावर बघून लिहितो. नववी नापास आहे, पण माझ्या रजिस्टरमध्ये खाडाखोड सापडणार नाही.

चाळीस जण व्यवस्थित झाले. शेवटी ताहिरचाचा, आमचे कूक. माझ्याच गावचे, म्हसळ्याचे, आमच्या घरापासून चार घरं सोडून. मला इथे त्यांनीच आणलं. हजहून आल्यापासून त्यांना मूठभर दाढी आहे. दाढीवर मास्क बसत नाही, तसं चित्रच भिंतीवर लावलंय.

"रमजानात दाढी उतरवायला सांगतोस, शंभ्या?"

त्यांनी दाढीला व्हॅसलीन चोपडलं आणि मास्क ओढला. मी कुपी फिरवली. वास येतो का, विचारलं. त्यांनी मान हलवली — नाही. पण काचेमागे डोळे हसत होते.

मी खूण केली.

रविवार, ५ फेब्रुवारी.

ड्रिलर सांगत होता, आठवड्याभरात नवीन थर लागेल. त्यात विषारी गॅस आहे हे सगळ्यांना माहीत आहे. सडक्या अंड्यासारखा वास येतो. साहेब शिकवतो — वास येतोय तोवर घाबरू नका, मास्क घाला. गॅस वाढला की आधी नाक मरतं, वास येणं बंद होतं. मग दोन-चार श्वास.

दोन-चार श्वास! मी बसून मोजले. एवढ्यात स्टोअरच्या दारापर्यंतसुद्धा पोचत नाही.

मंगळवार, ७ फेब्रुवारी.

गॅसचा भोंगा वाजला. मास्क घेऊन पळालो. नुसती टेस्ट होती.

शनिवार, ११ फेब्रुवारी. संध्याकाळी ६.

इफ्तारनंतर किचनमध्ये गेलो. म्हटलं, चाचा, खरं सांगा, त्या दिवशी वास आला होता का?

"येतो रे. पहिल्या टेस्टपासून येतो. चांगला पिकलेल्या केळ्याचा. रोजा असला की भूक खवळते त्याने." आणि हसले!

मी हसलो नाही. म्हटलं, दाढी काढा, नाहीतर मला साहेबाला सांगावं लागेल.

"सांग. मला बोटीत बसव. मे महिन्यात लेकीचं, लाईबाचं लग्न आहे, तो खर्च तुझा साहेब करणार?"

मग दाढी काढा ना, चाचा!

तेव्हा आवाज बदलला. "ती ठेवायचा मी मक्केत शब्द देऊन आलोय. ते तुझ्या रजिस्टरात मावायचं नाही, बाबा." मग समोशांची ताटली पुढे सरकवली. "खा. वाळून चाललायस. तुझी आई मला विचारेल."

मी खाल्ले. तीन.

रविवार, १२ फेब्रुवारी.

साहेबाच्या दारापर्यंत तीनदा गेलो. तिसऱ्या वेळी त्यानेच दार उघडलं. "काय रे?" मी म्हणालो, सर, व्हॅसलीन संपलंय.

लाज वाटते.

मंगळवार, १४ फेब्रुवारी. संध्याकाळ. मनामा.

अक्षर वाईट येतंय.

सकाळी ९.४० ला तेलाच्या विहिरीतून चिखल उकळल्यासारखा वर आला. भोंगा! अंड्यांचा वास आलाच — नंतर आला नाही. मास्क घातला होता म्हणून, की नाक मेलं म्हणून, कळेना. मी सगळ्यांबरोबर वाऱ्याच्या बाजूला पळालो. हजेरी मी घ्यायची. चाळीस. ताहिरचाचांचं नाव तीनदा ओरडलो. कूकने आधी सगळ्या शेगड्या बंद करायच्या असतात. एक ठिणगी राहिली तर रिग उडेल.

मग ते दारातून आले. मास्क लावलेला, सरळ चालत. माझ्याकडे बघून हात वर केला. आणि खाली बसले, जेवायला बसावं तसे. मग आडवे झाले.

मी त्यांचं डोकं धरलं. पट्टे आवळलेले होते. मास्कच्या खालून दाढी बाहेर आली होती, व्हॅसलीनने चकाकत.

चाळीस मिनिटांनी विहीर बंद झाली. आग लागली नाही. सगळे म्हणाले, वाचलो. बोटीतून येताना पाण्यावर तेलाचा तवंग होता, त्यात मेलेल्या माशांची पांढरी पोटं. बघवेना. पण दुसरीकडे बघितलं तर स्ट्रेचर.

शुक्रवार, १७ फेब्रुवारी.

हॉस्पिटल. चाचांच्या तोंडात नळी. दाढी नाही! नळीची पट्टी चिकटत नव्हती, म्हणून काढली असं नर्स म्हणाली. हनुवटी लहान आहे त्यांची. मी पहिल्यांदाच बघितली.

म्हसळ्याहून नसीमाचाचीचा फोन. "मास्क घातला होता ना रे त्यांनी?"

होता, चाची.

"मग असं कसं झालं?"

मी म्हणालो, लाइन खराब आहे. फोन ठेवला. लाइन स्वच्छ होती.

रविवार, १९ फेब्रुवारी.

ऑफिसात चौकशी झाली. रजिस्टरमध्ये ताहिर पास आहे. म्हणजे माणूस बरोबर, मास्क खराब. मास्कची निगा शिवदासकडे. शिवदास आमचा स्टोअरकीपर, तासगावचा. एकेक मास्क कोमट पाण्यात धुऊन सावलीत वाळवणारा माणूस! त्याला काढलं. मंगळवारचं तिकीट हातात दिलं.

खोलीवर आला तो भांडला नाही. मलाच विचारत होता, "कुठं रबर फाटलं असंल, शंभू? मी दर रविवारी बघत होतो की. मला दिसलं कसं नाही? कूकचा जीव घेतला असता मी."

मी त्याला पाणी दिलं.

सोमवार, २० फेब्रुवारी.

चाचांनी डोळे उघडले. मला ओळखलं नाही.

उद्या आठ वाजता साहेबाकडे जायचं. खोटं रजिस्टर लिहिलं म्हणून पोलिसात देतील? व्हिसा जाईल हे नक्की. पण जायचं.

मंगळवार, २१ फेब्रुवारी. सकाळी ८.५०.

सांगितलं. कुपी, व्हॅसलीन, हसणारे डोळे — सगळं. शिवदासला ठेवून घ्या, मला पाठवा, म्हणालो.

साहेबाने उठून दार लावलं. म्हणाला, "मी रोज तीन वेळा त्याच्या हातचं जेवत होतो. मला दाढी दिसत नव्हती, असं वाटलं तुला?"

शिवदास जाणारच, म्हणाला. मी राहायचं. त्याने टेबलावरून नवीन रजिस्टर माझ्याकडे सरकवलं, शनिवारच्या टेस्टसाठी. मी उघडलं. नावांच्या एकेचाळीस ओळी कोऱ्या. पुढची पानं उलटली, तीही कोरी.

प्रत्येक पानाच्या खाली त्याची सही झालेली होती.