आबा, तुम्ही अर्ध्यातून उठलात

आबा,

तुम्ही जाऊन इतकी वर्षं झाली, तरी माझा राग काही जात नाही. माझी सुपारी फुटायला चारच दिवस राहिले होते. पौडच्या त्या मास्तरांची तुम्ही रीतसर चौकशी केली होतीत, पाणवठ्यावर, न्हाव्याकडं, त्यांच्या भावकीतही. कुणी वावगं बोललं नव्हतं. आणि नेमका तेव्हाच फिरता सिनेमावाला त्यांच्या शाळेत आला, नि आपण सगळे बघायला गेलो.

खिडक्यांना घोंगड्या लावून भरदुपारी अंधार केलेला. सिनेमा जुना, मुका. मधूनमधून पडद्यावर अक्षरं येतात, ती वाचणार कोण? म्हणून मास्तर पडद्याशेजारी उभे राहतात. गोष्टीतल्या नवरदेवावर बाईचा नि दारूचा आळ आलेला असतो. मास्तर त्याचं बोलणं नुसतं वाचत नाहीत, झिंगलेल्या आवाजात हसूनही दाखवतात. लोक खूष. तुम्ही मात्र धारांची वेळ झाली म्हणून अर्ध्यातून उठता.

आम्ही घरी आलो तर तुमचं ठरलेलंच. म्हणालात, "अनुभव असल्याबिगर इतकं खरं बोलता येतंय व्हय? मला न्हाई पटत हा मानूस." ते बोलणं दुसऱ्याचं होतं, हे आईनं परोपरीनं सांगितलं. तुम्ही ऐकाल तर शपथ. दुसऱ्या दिवशी नकार कळवून मोकळे झालात. शेवटी सिनेमातला तो नवरदेव निर्दोष ठरतो, हे तुम्हाला कळलंच नाही. मी सांगू शकले असते. आत्याबरोबर मी शेवटपर्यंत बसले होते.

मग भुकूमचं स्थळ आलं. सुपारीचं खांडही न खाणारा माणूस. तुमची निवड चुकली असं कुणी म्हणणार नाही. पण उभ्या संसारात यांनी मला 'जेवलीस का' म्हणून विचारलं नाही, हसवणं तर लांबच. भांडायलासुद्धा समोरच्यानं तोंड उघडावं लागतं, आबा.

हे पत्र धाडणार कुठं? घडी करून ट्रंकेत टाकीन. पण सगळं तुमच्यावर ढकलून मी सुटत नाही. नकार कळवण्याआधी गोठ्यात तुम्ही मला विचारलं होतंत, "तुझं काय म्हननं हाय? तू म्हनशील तर करतो." मी मान खाली घालून म्हणाले, "तुमी म्हनाल तसं." तुम्हाला वाटलं, पोर लाजली. लाजले नव्हते. सिनेमाच्या शेवटी मास्तर भरल्या गळ्यानं "मी निर्दोष आहे" म्हणाले, तेव्हा मलाही ते खोटं वाटलं होतं.