दोन बोटांपुरतं तोंड

कुळगाव, बदलापूर
२२ नोव्हेंबर २०२५

सखूताईस,

नमस्कार. वाकून केलाय असं समज. वाकलं की कानाजवळ कळ येते, म्हणून प्रत्यक्षात ताठच आहे. (त्यावर तू काय म्हणशील तेही ऐकू आलं.)

सर्वप्रथम पाणीपुरीच्या आकाराबद्दल माझी तक्रार नोंदवून घे. ज्या इसमाने तो ठरवला, त्याने दोन बोटंच तोंड उघडणाऱ्या नागरिकांचा काडीचाही विचार केलेला नाही. अर्धी चावावी तर पाणी पदरावर, अख्खी कोंबावी तर दारातच अडकते. गेल्या आठवड्यात आपल्या भूपेशच्या लेकीच्या, उन्नतीच्या हळदीची खरेदी करायला उल्हासनगरला गेले होते. एक पुरी तोंडाजवळ नेली, डाव्या कानापुढे काहीतरी अडलं आणि तोंड तिथेच थांबलं. भैया म्हणाला, "दीदी, तीखा लगा क्या?"

फोन केला नाही, कारण तू माझा नंबर ब्लॉक केलायस. आणि उचलला असतास तरी मी नुसती हंबरले असते.

बदलापूरचे डॉक्टर म्हणाले कान. अंबरनाथचे म्हणाले मान. शेवटी उल्हासनगरच्या दातांच्या डॉक्टरीणबाईंनी प्लास्टिकची कवटी काढली. कानाच्या पुढे बोट ठेवून तोंड उघड-मीट कर, तुलाही लागेल. जबड्याच्या हाडाचं गोल टोक तिथे कवटीच्या खोबणीत बसतं, मध्ये एक चिवट गादी. तोंड थोडंसं उघडेपर्यंत टोक जागच्या जागी फिरतं. मोठा आ करायचा तर गादीसकट पुढे सरकतं. माझी गादी आधीच पुढे घसरलीय. इतकी वर्षं टोक तिच्यावर चढायचं तेव्हा कट् वाजायचं. आता चढतच नाही, तिच्यामागे अडून बसलंय.

"पण उजवीकडचं तर ठीक आहे ना?" मी विचारलं.

"दीदी, हड्डी तो एक ही है. एक साइड अकेली कैसे खुलेगी?"

मग म्हणाली, "रात को दांत किस पे पीसती हो?" मी आमच्या महेंद्ररावांकडे पाहिलं. ते घाईघाईने म्हणाले, "माझ्यावर नाय हां! पण गिरणी चालू असते, हे खरं."

मऊ भात, शेक, आणि झोपताना दातांवर घालायचं एक कव्हर. उघडेल म्हणाली, पण सावकाश. हळद तर येत्या शनिवारी. "और गाना?" तर म्हणे, "गाना भूल जाओ."

इथवर मला कळलं. पुढचं माझं मलाच कळत नाही.

भूपेशला मी छातीठोकपणे सांगितलं होतं, "हळदीला आईचे धवले मी एकटी म्हणेन. सखूताईची गरज नाय." त्यानेही मान डोलावली. आई धवलारीण, अख्ख्या गावाच्या लग्नांची गाणी तिच्या तोंडात. मग लेक ती पोटातूनच घेऊन आली असणार! आता तो म्हणतो, ब्लूटूथ लावू. उन्नती रडकुंडीला आली. "आत्या, मला आजीचीच गाणी पायजेत. स्पीकरच लावायचा तर मला हळदच नको."

पण ताई, तोंड उघडलं असतं तरी मी गायले काय असते? आई पहिली ओळ तुला द्यायची, मी ती मागून झेलायची. मला सगळ्या दुसऱ्या ओळी येतात. पहिली एकही नाही. अंथरुणावर पडल्या पडल्या शोधत बसते. बहुतेक तेच दळत असते. डॉक्टरीणबाई गाणं विसरा म्हणाली तेव्हा मला रडू आलं की हायसं वाटलं, अजून ठरत नाही.

आणि आपलं भांडण तरी नक्की काय होतं? तू म्हणतेस, माझ्या किर्तीच्या हळदीला तुझ्या धवल्यावर मी डीजे लावू दिला. मी म्हणते, तू अर्ध्यातूनच न सांगता उठलीस. भूपेश म्हणतो, तेव्हा लाइट गेली होती, डीजे बंदच होता. तिघंही आईची शपथ घेऊन सांगतो. बिचारी आई.

भूपेशबरोबर एक पिशवी पाठवतेय. नारळ ताजा आहे. हिरवं लुगडं मात्र किर्तीच्या हळदीचं, धवलारणीचा मान; तू न घेताच गेलीस. कपाट आवरताना दर वेळी हाताला लागायचं, घडी मोडलेली नाही. धवला पुरा झाल्यावर द्यायची रीत आहे, ठाऊक आहे मला. पण अर्धा झाला म्हणून कुणी लुगडं अर्धं फाडून देत नाही. तुझं होतं, तुला पोचलं. शनिवारी आली नाहीस तरी ते तुझंच.

आलीस तर पहिली ओळ तू उचल. दोन बोटांतून जेवढं बाहेर येईल तेवढं मी म्हणेन.

तुझ्या मागून म्हणणारी,
नूतन