उजवीकडचा खिसा

साहेब,

तुमच्या चारही उत्तरांत एकच वाक्य आहे, "भरपाईसाठी अर्जदाराने संबंधित देशाकडे थेट दाद मागावी." मागितली. त्यांच्या वकिलातीच्या दारातच एकाने सांगितलं, "बाई, आम्ही सरकारशी बोलतो, शिंपिणीशी नाही."

आपल्याच समुद्रात त्यांच्या गस्तीच्या बोटीने गोळ्या झाडल्या आणि माझा धाकटा भाऊ गेला. आता ते म्हणतात, त्यांनी पुरलेला माणूस तो नव्हेच. त्यांनीच पाठवलेल्या त्या माणसाच्या फोटोत शर्टाचा खिसा उजवीकडे आहे. भाऊ डावखुरा. त्याचे खिसे मी उजवीकडेच लावायची. तुमच्या कारकुनाने मात्र "फोटो उलटा छापलाय" म्हणत तो पुरावा बाजूला ठेवला.

अहो, फोटो उलटा असता तर बटणपट्टीही उलटी दिसली असती! ती सरळ आहे. एवढं तुमच्या अख्ख्या कचेरीत कुणाला कळू नये?

एक कबूल करते. फोटोत मी खिसा पाहिला, शिलाई पाहिली. चेहरा अजून पाहिलेला नाही.

हे पत्र मी टपालात टाकणार नाही. पाचवं उत्तर मला पाठ आहे. उद्या मीच येतेय, फोटो आणि त्याचा घरातला दुसरा शर्ट घेऊन. सोबत काजं करायचे चाळीस शर्टही आणतेय. त्यांच्या सरकारला आपल्या सरकारने जाब विचारायचा असतो. तसं पत्र तुमच्या सहीने निघेपर्यंत मी बाहेरच्या बाकावर बसेन. तिथे उजेड चांगला येतो.

फोटोतल्या माणसाची
थोरली बहीण