पाचांपैकी तिघे

११ जानेवारी २००५, पुणे

पेपर घेतला! म्हणजे जवळजवळ घेतला. सकाळी मेल आली. दोन परीक्षकांनी भरभरून लिहिलंय, तिसऱ्याची एकच शंका. तिचं नीट उत्तर दिलं की मे महिन्यातल्या परिषदेत आपला नंबर.

आनंद व्हायला हवा होता. झाला, पण चहा उकळेपर्यंतच. प्रोफेसरपदाच्या मुलाखतीत दोनदा मागे पडले. दोन्ही वेळा तेच ऐकलं – 'मॅडम, सिद्धांत उत्तम, पण प्रत्यक्षात कुठे चाललंय?' आता चाललंय. माझ्याच गावाकडे, शिनोलीजवळच्या पाच वाड्यांत. मार्चमध्ये तिसरी मुलाखत. त्यानंतर पुन्हा बोलावतील असं वाटत नाही.

पाच वाड्यांची नदीवर एक मोटर. प्रत्येक वाडीत माझं एक खोकं, आणि एका पंचाकडे कार्ड अन् गुप्त नंबर. पाचांपैकी तिघांनी आपापल्या वाडीतल्या खोक्यात कार्ड घालून नंबर दाबला तरच मोटर सुरू. कोणी एकटा पाणी पळवू शकत नाही. वीस वर्षं मी एवढंच करत आले – अशी यंत्रणा, जिच्यात कुणा एकावर विश्वास ठेवायची गरज पडू नये.

परीक्षक विचारतो, तिघांची कार्डं दर वेळी अर्ध्या मिनिटाच्या आत कशी पडतात? तीन शेतकरी, तीन वाड्या, आणि इतकी घाई?

मी तर पेपरात हे कौतुकानं लिहिलं होतं.

१३ जानेवारी

माझी विद्यार्थिनी वृषाली म्हणते, लिहून टाकू – शेतकरी तत्पर आहेत. तिची सगळी पीएच.डी. याच पेपरवर उभी. प्रबंध दिल्याशिवाय लग्नाची तारीख नाही, असं तिनंच सासरच्यांना सांगून ठेवलंय.

तत्पर! आमच्याकडची माणसं, ग्रामसभेला अकराची वेळ दिली तर जेवून येतात. जाऊन बघायला हवं. गुडघा ठणकतोय.

१६ जानेवारी, शिनोली

घोडेगावपर्यंत उभ्यानं. तिथून सावळेरामच्या मोटरसायकलवर. भावाचं तोंड उतरलेलं. वाटलं, घरी काही झालं असेल.

थेट पंपघरात गेले. मोटर चालवणारे राजमहंमदभाई डिझेल इंजिनाच्या काळापासून इथे. त्यांनी हसत दार उघडलं. आत भिंतीला फळी. फळीवर माझी पाचही खोकी, ओळीनं. पाचांत पाच कार्डं. धूळ बसू नये म्हणून वर फुलाफुलांचा टॉवेल.

मी विचारलं, हे इथे कसं?

'वाडीत लाइट असती तवा मोटरला नसती. मोटरला येती तवा वाडीत न्हाई. मंग खोकं चालायचं कसं, ताई? समदे म्हनले, हितंच ठिवा. नंबर बी देऊन ठिवलेत.' पाचही गुप्त नंबर त्यांनी घडाघडा म्हणून दाखवले. 'तुमच्या मशीनीला तीन लागत्यात, मी तीनच घालतो. जास्तीचं कशाला.'

आमच्या वाडीचं कार्ड सावळेरामच्या नावावर. तो पायानं माती उकरत होता. 'अक्का, तुला सांगणार व्हतो.'

पाण्यावरून एकही भांडण झालं नाही, हे खरंच आहे. फक्त ते माझ्यामुळे नाही. पाचांतले दोघं फितूर झाले तरी यंत्रणा टिकते, हे मी सिद्ध केलंय. पण गावात लाइट जाते हे माझ्या डोक्यात आलं नाही. इथेच वाढले मी.

१७ जानेवारी

परतीच्या एसटीत जागा मिळाली. झोपले. मंचर कधी गेलं कळलं नाही.

२० जानेवारी, पुणे

विभागप्रमुखांना सांगितलं. ते हसले. 'आकडे खरे आहेत ना? मग झालं. खोकी कुठे ठेवली हे कोण विचारतंय?'

तेच तर विचारलंय!

वृषाली नखं कुरतडत बसली. शेवटी मीच मधला मार्ग काढला – खोकी बॅटऱ्यांसकट पुन्हा वाड्यांत न्यायची, थोडे दिवस खऱ्या नोंदी घ्यायच्या, आणि पेपरात त्याच घालायच्या. फेब्रुवारीअखेर मुदत आहे. तिला ते पटलं. मला पटलं की नाही, विचार करायचं त्राण नव्हतं.

२३ जानेवारी, शिनोली

बॅटऱ्या पोचवल्या. राजमहंमदभाईंनी एकेक खोकं पुसून हातात दिलं. पंचांकडून नवे नंबर टाकून घेताना भाईंना बाहेर उभं राहायला सांगावं लागलं. गेले बिचारे. दाराआडून विचारलं, 'ताई, माजं काय चुकलं व्हय?'

म्हटलं, तुमचं काही नाही, मशीनचा नियम आहे.

'नियम म्हंजी माज्यावर भरवसा न्हाई, असंच ना?'

फार वाईट वाटलं. माझ्या पेपरात हे पहिल्याच पानावर लिहिलंय, फक्त त्यांचं नाव घातलेलं नाही.

६ फेब्रुवारी, पुणे

सावळेरामचा फोन. मोटर बंद. गेणभाऊ लेकीकडे ओतूरला गेले ते कार्ड खिशात घेऊनच. बहिरूचं म्हणणं, आधी बांधावरच्या वाटेचं मिटवा, मग कार्ड घालतो. आणखी एक पंच तापानं फणफणलेला, नंबर कुणाला सांगायचा नाही असं मीच बजावलेलं, म्हणून बायकोलाही सांगत नाही! तिघं काही जमेनात.

'अक्का, मोटरला लाइट हाय, नदीला पानी हाय. फकस्त कार्ड न्हाई.'

यंत्रणा अगदी बरोबर चालली आहे. तिघांशिवाय सुरू होत नाही.

९ फेब्रुवारी

अजून बंदच. दोन तास शिकवलं. काय शिकवलं आठवत नाही.

१२ फेब्रुवारी, शिनोली

शेवटच्या वाडीतल्या साळुबाईच्या वावरात गेले. पाण्याच्या दोन पाळ्या चुकल्या. कांद्याच्या पातीनं पिवळं पडून मान टाकलीय. नुसती ढेकळं. म्हातारी बांधावर बसली होती. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

'आता काय त्यो पोसत न्हाई,' म्हणाली. मग माझ्याकडे बघून, 'तुजं शिक्षान झालं का गं पुरं?'

संध्याकाळी पंचांना पंपघरात गोळा केलं. खोकी परत फळीवर. राजमहंमदभाई यायला तयार नव्हते. सावळेराम आणि बहिरू त्यांच्या घरी जाऊन, जन्नतबीभाभींच्या हातचा चहा पिऊन, त्यांना घेऊन आले. आल्यावर थेट मोटर सुरू केली आणि पाटाकडे निघून गेले.

घोडेगावला येऊन बूथवरून वृषालीला फोन लावला. पेपर मागे घेतोय, आजच मेल टाक, दोन ओळी पुरेत.

'नक्की ना, मॅडम?'

नक्की.

'आणि माझा प्रबंध?'

नवं प्रकरण लिहू. वर्ष जाईल. दोघींचंही जाईल. ती म्हणाली, 'बरं, मॅडम.'

१३ फेब्रुवारी

गाढ झोप लागली. कितीतरी दिवसांनी.

१९ मार्च, पुणे

मुलाखत झाली. दाखवायला हातात काही नव्हतं. सिद्धांतावर बोलले आणि थांबले. पेपरचा विषय मी काढला नाही. त्यांनीही फार खोदून विचारलं नाही. जाऊ दे. आता निदान दर खेपेला नवी साडी इस्त्री करायला नको.

२२ एप्रिल

निवड झाली. प्रोफेसर.

विभागप्रमुख परिषदेची छापील पुस्तिका नाचवतच आले. तिच्यात माझा पेपर, माझं नाव वर, वृषालीचं खाली. मागे घेतल्याची मेल गेलीच नाही. शंकेचं उत्तर मात्र गेलंय – शेतकरी तत्पर आहेत – माझ्या सहीनं. माझ्या नावाची सगळी मेल वृषालीच पाठवते. पासवर्ड तिच्याकडे आहे. मीच दिलाय, रोज रोज कोण बसणार म्हणून.

तिला बोलावलं. समोर उभी राहिली, मान खाली. मी तोंड उघडणार, तेवढ्यात पेढ्यांचा बॉक्स आला.

मी एक उचलला.