कंपनीने नारळावर हात ठेवला

१४ नोव्हेंबर २०२४
आजपासून रोजनिशी. मोठी माणसं लिहितात. वाडीचा विकास नेमका कुठून सुरू झाला, असं पुढे कोणी विचारलं तर पुरावा हवा.

मुंबईतली कुरिअरची नोकरी सोडून गावी आलो, त्याला वर्ष होईल. खरं तर त्यांनीच सोडवली, पण तो मुद्दा नाही. पोलादपूरहून घाट चढून आलं की आमची वाडी, वर पठार, पठारावर बारमाही झरा. एवढी प्रॉपर्टी असून सगळे नाचणी करत बसलेत. काल व्हिडिओत एक तज्ज्ञ सांगत होते की इंग्रज गेले पण गुलामी डोक्यातून गेली नाही, म्हणून आपल्यासारखे देश मागे. आधी भांडवल येऊ द्यायचं. वर श्रीमंती साठली की ती आपोआप खाली झिरपते. मला लगेच पटलं. आमचा झराही तसाच आहे.

२४ नोव्हेंबर
रिसॉर्ट कंपनीचे विनीत सर महाडहून आले. बूट काढून झऱ्याचं पाणी प्यायले. दोनदा ‘वॉव’ म्हणाले. मला म्हणाले, तुम्ही आमचे लोकल पार्टनर. घरी येऊन सरिताला सांगितलं. तिने विचारलं, पार्टनर म्हणजे हिस्सा किती? बायकोला बिझनेसमधलं काही सांगायचं नाही, असं ठरवलं.

१ डिसेंबर, रविवार. सकाळी.
देवीच्या देवळात गावकीची बैठक. पठार सामाईक, त्यामुळे गावच्या मुंबईकरांनाही बोलावलं होतं. मी अर्धा तास बोललो. सिंगापूर आणि मलेशिया दोन्ही घेतले. गावकीचे प्रमुख कुशाबा. त्यांची एकच अट. म्हणाले, “हाटेल बांधा नायतर बंगले बांधा, पन झऱ्याची वाट बंद व्हता नये.”

विनीत सर म्हणाले, अजिबात होणार नाही, तसं लिहून देतो. बॅगेतून कागद काढला. इथे जरा गडबड झाली. लोकांचे चेहरे पडले. आमच्याकडे शब्द द्यायचा तो देवीपुढे, नारळावर हात ठेवून. तो मोडल्याचं कोणाला आठवत नाही. शब्दाच्या वर कागद मागायचा म्हणजे देवीवर अविश्वास. मीच सरांना बाजूला घेऊन समजावलं, तो कागद आत ठेवा. त्यांनी ताबडतोब ठेवला. फार समजूतदार माणूस.

मग सरांनी नारळावर हात ठेवला. डोळेसुद्धा मिटले. रंगूकाकी, माझी चुलती, तिला भरून आलं. म्हणाली, “मंगेशा, तुझ्यामुळं येवढी मोठी कंपनी देवीच्या पायाशी आली रे!” अंगावर काटा आला.

पठार भाड्याने देण्याच्या कागदांवर मात्र आम्ही सगळ्यांनी सह्या केल्या. तो कंपनीचा रिवाज. पाहुण्यांचा रिवाज आपण मोडू नये.

२६ जानेवारी २०२५
झेंडावंदनानंतर भाषण केलं. तरुणांना सांगितलं, रिसॉर्टमध्ये नोकरी हवी तर हसता आलं पाहिजे, रोज आरशापुढे प्रॅक्टिस करा. त्यातल्या सहदेवने तिथल्या तिथे हसून दाखवलं. त्याच्यावर काम करावं लागेल.

पठारावर जेसीबी पोचला. आवाज ऐकून झोप लागत नाही. आनंदाने.

१२ फेब्रुवारी
पठाराला तारेचं कुंपण. झऱ्याच्या वाटेवर गेट. कुशाबा घरी आले, काळजीत होते. मी समजावलं की गेट हाच वाट असल्याचा पुरावा आहे. बंद करायचं असतं तर भिंत घातली असती.

सरिता म्हणाली, गेटला कुलूप आहे. मी म्हटलं, ते चोरांसाठी.

२० फेब्रुवारी
विनीत सर फोन उचलत नाहीत. मीटिंगमध्ये असणार.

२५ फेब्रुवारी
एसटीने महाडला, कंपनीच्या ऑफिसात. बोर्डावर नाव वेगळंच. जुन्या कंपनीने प्रोजेक्ट दुसऱ्या कंपनीला विकलं. आम्हाला कोणी सांगितलंसुद्धा नाही. समोर नव्या कंपनीच्या अंकिता मॅडम. मी नारळाचं सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, हात कोणत्या कंपनीने ठेवला? मी म्हटलं, कंपनीने. त्या म्हणाल्या, आम्ही तेव्हा नव्हतो. लेखी काही? मी ताठ बसून सांगितलं की ते देत होते, आम्हीच घेतलं नाही.

मॅडमनी फाइल मिटली. मग चहा मागवला. चांगल्या आहेत तशा.

परत येताना विचार केला. देवीला कंपनी बदलल्याचं काय? शब्द पठाराबरोबर विकला गेलाच असणार. हे मॅडमना पुढच्या वेळी ठासून सांगायचं.

९ मार्च
विनीत सर सापडले. आता पनवेलला फ्लॅट विकतात. फोनवर म्हणाले, “काका, हात मी अगदी मनापासून ठेवला होता हो. पण मी पगारी माणूस. नोकरी सोडली, हात माझ्याबरोबर आला.” मग विचारलं, तुमच्या बाजूला अजून व्ह्यूवाली गावं आहेत का?

फोन कापला. फसवलं. सरळ सरळ फसवलं. मला नाही, मला फसवणं सोपं नाही. देवीला फसवलं.

नंबर सेव्ह ठेवला आहे. उपयोगी पडतो.

३० मार्च, पाडवा
फसवलं ते मलाच. लिहून टाकतो, इथे कोण वाचतंय.

गेटवर बाहेरचा वॉचमन, झऱ्याकडे कोणाला सोडत नाही. सहदेव नोकरी मागायला गेला, तर त्याने स्वतःचा फोटो काढू दिला नाही म्हणून हाकलला. रंगूकाकी दोन हंडे घेऊन खालच्या ओढ्यावर जाते, चढून येताना तीनदा बसते. आमच्या दारावरून जाते पण बोलत नाही. शिव्या देत होती तेव्हा बरं होतं.

८ एप्रिल
नव्या कंपनीने वाडीत टी-शर्ट वाटायला पाठवले. कोणी घेतले नाहीत. एक मी घेतला. संबंध अगदी तोडून चालत नाही.

१३ एप्रिल, रविवार. दुपारी.
आज पुन्हा गावकी होती. भाषण तयार होतं. आपण जागतिक भांडवलाचे बळी आहोत, इथपासून सुरुवात. शेवटी माफी, पण थोडक्यात.

घालायला शर्ट नव्हता. पाण्यावाचून आठवडाभर कपडे धुतलेले नाहीत. घामाचा शर्ट घालून देवळात कसं जाणार? स्वच्छ एवढा तोच.

उभा राहिलो. कुशाबांनी हात वर केला. म्हणाले, “भाषन ऱ्हाऊ दे. तू कंपनीचा हाय का गावचा, येवढं सांग.”

मी म्हटलं, गावचा.

कुशाबांनी माझ्या छातीकडे बोट केलं. “मंग ह्ये काय लिवलंय ता वाच.”

वाचलं. ‘आम्ही एक कुटुंब’.

कोणी हसलं असतं तर फार बरं झालं असतं. मीच खाली बसलो.

घरी येऊन तो शर्ट काढून कोपऱ्यात फेकला. सरिता रंगूकाकीबरोबर ओढ्याकडे निघाली. मला ये म्हणाली नाही, येऊ नको असंही म्हणाली नाही. मागोमाग जावं, काकीच्या डोक्यावरचा एक हंडा तरी घ्यावा, असं फार वाटतंय. पण वाटेत सगळी वाडी भेटणार, आणि अंगात घालायला तेवढा एकच शर्ट आहे.