पडद्याची मागची बाजू

रविवार, दिवेलागण. कुंडल.

चार दिवस टेप घेऊन खोली मोजतोय. शंभर इंची चित्राला प्रोजेक्टर अकरा फूट मागे लागतो आणि खोली दहा फुटांची. उद्या मिस्त्री छताला भोके पाडणार. चुकलो तर नवा स्लॅब कायमचा खराब. ऐंशी इंचांवर भागवू का? पण गुडघ्यांमुळे आईचे थेटर सुटले, आणि तिला मी मोठा पडदा कबूल केलाय.

शेवटी आज खोली आणि बाहेरचा सोपा यांच्या मधल्या दोन खांबांना पांढरी चादर ताणून बांधली. प्रोजेक्टर सोप्यात ठेवून सिनेमा लावला. अकरा फूट मिळाले! दोनदा मोजले. पण आई आत खाटेवर, म्हणजे चादरीच्या मागे. तिला सगळे डावे-उजवे उलटे दिसत होते. सेटिंग बदलायला उठलो.

"ऱ्हाऊ दे रं तसंच," ती म्हणाली. "जत्रंतल्या तंबूत आमी बायका मागनंच बघायचो."

सोप्यातून माझे वडील, दादा, ओरडले, "म्हणून हिचा हिरो कायम डावरा!"

"आवं, तुमी गप बसा."

लग्नाच्या वर्षी दोघांनी एकाच तंबूत सिनेमा पाहिला होता, दोन बाजूंनी. हे मला आज कळले. इतकी वर्षे विचारले कसे नाही?

मिस्त्रीला लगेच फोन केला. छताला हात लावायचा नाही, खांबांना दोन हुक पुरेत.

वळून पाहतो तर दादा चादरीखालून वाकून आत गेलेले. आईशेजारी बसून चादरीवरचा सिनेमा बघू लागले. मग हळूच म्हणाले, "आगं, खरंच डावरा हाय की."