सुंठीचा कोळसा

जुना जालना,
११ फेब्रुवारी २०२५

चि. यशश्रीस जगन्नाथकाकाचे अनेक आशीर्वाद.

फोन तू उचलत नाहीस, म्हणून पत्र. इकडे सर्व ठीक. तक्रार एकच, पण गंभीर. संक्रांतीला तिळाच्या वड्या भरून पाठवलेला आमचा डबा काल तुझ्या आईबरोबर परत आला. घासलेला, पुसलेला आणि रिकामा! आपल्या घराण्यात रिकामा डबा परत करण्याचा पहिला मान तुझा. निदान चिमूटभर साखर टाकायचीस. काका नाही तर मुंगी समजून.

डबा देताना साधनावहिनी सांगत होत्या, त्या रॉकेट बनवणाऱ्या कंपनीचं मुलाखतीचं बोलावणं आलंय. शनिवारपर्यंत कळवायचंय आणि तू गप्प आहेस. बियाण्याच्या कंपनीतली नोकरीच बरी, म्हणतेस म्हणे.

मागच्या मुलाखतीबद्दल मी कधी विचारलं नाही. तूच एकदा जेवताना विचारलंस, "काका, तो श्लोक पोटाच्या औषधाचा होता?" मी म्हणालो, वरणात मीठ कमी आहे.

मीठ बराबर होतं.

तू आठवीत असताना, मी संस्कृत शिकवायचो त्या तुझ्या शाळेत विज्ञान मेळावा होता. मुख्याध्यापक भागवत मागे लागले, "सर, एखादा श्लोक रॉकेटचा बसवा ना. कोण तपासून राह्यलंय?" मी वैद्यकाच्या पोथीतला एक बसवला. गंधक, सुंठ, सैंधव, म्हणजे अपचनावरची गोळी. अर्थ लिहिताना सैंधवाचा सोरा केला, सुंठीचा कोळसा केला. झालं अग्निबाणाचं इंधन. त्यांनी ते भिंतीवर रंगवलं, तू वहीत उतरवलंस.

मुलाखतीत तुला पहिल्या अग्निबाणांविषयी विचारलं. म्हैसूरच्या लोखंडी नळ्या, थुंब्याच्या उड्डाणतळावर सायकलवरून नेलेले सुटे भाग, सगळं तुला पाठ. तरी सुरुवात तू काकाच्या श्लोकानं केलीस. समोरच्या बाईंना संस्कृत येत होतं. खोटा अर्थ माझा, आणि हसले तुला.

गेल्या सोमवारी चुन्याची बादली घेऊन शाळेत गेलो. भागवतांना खरं ते सांगितलं. ते म्हणाले, "राहू द्या सर, पाहुणे तिथंच फोटो काढतात." तासभर वाद घातला आणि भरली बादली घेऊन परत आलो. पुन्हा जाईन.

पण यशू, भिंतीचं काय एवढं. लहानपणापासून तुझं मन आकाशात. माझ्या खोटेपणामुळे तू शनिवारी उत्तर देणार नाहीस, याची मला भीती वाटते. दुसरी कसलीच नाही.

तुझा अपराधी,
जगन्नाथकाका